प्रकल्प नोंदी : परिभाषा कोशातला ‘रेसिमिक’

३ फेब्रुवारी

सेंद्रिय रसायनाच्या परिभाषा कोशातला ‘र’ आजपासून माझ्याकडे आहे. सुरुवात ‘रेसिमिक’पासून करतोय. पदवीच्या विद्यार्थ्याला हा शब्द पाठ असतो, ‘पन्नास-पन्नास’ हे उत्तरही तोंडावर असतं. पण पुढे संशोधनलेख वाचायला घेतले की तोच शब्द कधी द्रावणाबद्दल, कधी स्फटिकाबद्दल, तर कधी एखाद्या अभिक्रियेबद्दल भेटतो आणि वाचणारा गोंधळतो. म्हणून नोंद नुसत्या व्याख्येवर थांबवायची नाही, वापरासह द्यायची.

पहिलं वाक्य आजच ठरवून टाकलं : ‘रेसिमिक’ हे नमुन्याचं विशेषण आहे, रेणूचं नाही. किरॅल रेणू, म्हणजे डाव्या-उजव्या हातांसारखी ज्याची आरसा-प्रतिमा त्याच्यावर तंतोतंत बसत नाही असा रेणू, एक तर या रूपात असतो, नाही तर त्याच्या आरसा-प्रतिमेच्या रूपात. सुटा रेणू रेसिमिक असूच शकत नाही. दोन्ही एनॅन्शिओमर (ही दोन आरसा-प्रतिमा रूपं) समप्रमाणात असलेल्या रेणूंच्या समूहाला रेसिमिक म्हणायचं. उत्तरपत्रिकांमध्ये ‘हा रेणू रेसिमिक आहे’ असं सर्रास लिहिलेलं असतं. ते वाक्य अयोग्य वापराचा नमुना म्हणून नोंदीत घालावं, असं मला वाटतं.

५ फेब्रुवारी

इतिहासाचा परिच्छेद लिहिला. इथे तो शोभेसाठी नाही, कारण या संज्ञेच्या सगळ्या अर्थच्छटा एकाच पदार्थातून निघाल्या आहेत.

द्राक्षाच्या मद्याच्या पिंपांत बसणाऱ्या साक्यातून टार्टारिक आम्ल मिळतं. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला फ्रान्समधल्या तान इथे केस्टनर यांच्या कारखान्यात याच आम्लाबरोबर एक वेगळं आम्ल हाती लागलं. गे-ल्युसॅक यांनी त्याला लॅटिनमधल्या ‘रॅसेमुस’, म्हणजे द्राक्षाचा घोस, या शब्दावरून नाव दिलं. घटक तेच, प्रमाण तेच, तरी गुणधर्म निराळे. बर्झेलियस यांनी १८३० मध्ये ‘आयसोमर’ ही संज्ञा मांडली, तेव्हा त्यांच्यासमोर हीच जोडी होती.

फरक किती ठळक आहे हे आकड्यांतून दिसतं. नेहमीचं (+)-टार्टारिक आम्ल साधारण १७० अंश सेल्सिअसला वितळतं, तर रेसिमिक आम्ल निर्जल असताना साधारण २०६ अंशांना. २० अंशांच्या १०० मिलिलिटर पाण्यात पहिलं साधारण १३९ ग्रॅम विरघळतं, दुसरं जेमतेम २० ग्रॅम. ध्रुवित प्रकाशाचं (एकाच प्रतलात कंप पावणाऱ्या प्रकाशाचं) प्रतल पहिलं उजवीकडे वळवतं, दुसरं अजिबात वळवत नाही.

मग १८४८ साली पाश्चर यांनी रेसिमिक आम्लाच्या सोडियम-अमोनियम क्षाराचे स्फटिक भिंगाखाली तपासले. काही स्फटिकांचे छोटे पैलू एका बाजूला कललेले होते, काहींचे दुसऱ्या. त्यांनी चिमट्याने दोन ढीग वेगळे केले. एका ढिगाचं द्रावण प्रकाशाला उजवीकडे वळवत होतं, दुसऱ्याचं डावीकडे, आणि दोन्ही समान वजनाने एकत्र केल्यावर वळण शून्य होत होतं. प्रकाशाच्या या वळणाचा आधीपासून अभ्यास करणारे वृद्ध शास्त्रज्ञ बिओ यांनी स्वतः साहित्य पुरवून हा प्रयोग आपल्या देखत पुन्हा करायला लावला, आणि मगच विश्वास ठेवला.

या प्रयोगातली एक बाब पुस्तकांत हमखास राहून जाते. हा क्षार साधारण २७ अंशांच्या खालीच अशा सुट्या स्फटिकांत जमतो. तापमान त्याच्या वर असतं, तर प्रत्येक स्फटिकात दोन्ही रूपं सारखी मिसळलेली राहिली असती आणि चिमट्याने निवडण्यासारखं काहीच उरलं नसतं. इथूनच पुढच्या नोंदीचा विषय सुरू होतो.

१० फेब्रुवारी

आजचा दिवस स्थायुरूपावर गेला. नोंदीतला सगळ्यात गुंतागुंतीचा भाग हाच.

द्रावणात किंवा वायूत रेसिमिक नमुना म्हणजे दोन रूपांचं साधं मिश्रण. त्याचे स्फटिक व्हायला लागले की तीन शक्यता निर्माण होतात. एक, प्रत्येक स्फटिकात दोन्ही रूपं ठरावीक जागी, एकास एक, नियमित रचनेत बसतात. याला रेसिमिक संयुग म्हणतात. दोन, प्रत्येक स्फटिक फक्त एकाच रूपाचा असतो आणि दोन्ही प्रकारचे स्फटिक समप्रमाणात मिसळलेले असतात. हा काँग्लोमरेट. तीन, दोन्ही रूपं एकाच स्फटिकात कशीही, कुठेही बसतात. हे घनद्रावण, आणि ते क्वचितच आढळतं. हे वर्गीकरण रोझेबूम यांनी १८९९ मध्ये वितळण्याच्या आलेखांवरून मांडलं.

नोंदीसाठी जोड्यांच्या खोक्यांचं उदाहरण घेतलं. प्रत्येक खोक्यात एक डावा आणि एक उजवा जोडा असेल तर ते रेसिमिक संयुग. काही खोक्यांत फक्त डावे, तितक्याच खोक्यांत फक्त उजवे असतील तर काँग्लोमरेट. गोदामाचा एकूण हिशेब दोन्हीकडे सारखाच. पाश्चर यांच्या समोर दुसऱ्या प्रकारचं गोदाम होतं.

बहुतेक रेसिमिक पदार्थ रेसिमिक संयुगाच्या रूपातच स्फटिक होतात. काँग्लोमरेटचं प्रमाण साधारण ५ ते १० टक्के धरलं जातं.

आता वापराचा प्रश्न. मराठी पाठ्यपुस्तकांत सगळीकडे ‘रेसिमिक मिश्रण’ आहे. आंतरराष्ट्रीय रसायन संघटनेने, म्हणजे आययूपॅकने, १९९६ च्या त्रिमितीय रसायनाच्या परिभाषेत या शब्दप्रयोगाला स्पष्ट नापसंती दिली आहे. कारण काही जण तो कोणत्याही समप्रमाण नमुन्यासाठी वापरतात आणि काही फक्त काँग्लोमरेटसाठी. सर्वसाधारण शब्द म्हणून त्यांनी ‘रेसिमेट’ सुचवला. मी कोशात रेसिमेट, रेसिमिक संयुग आणि काँग्लोमरेट अशा तीन नोंदी ठेवतोय. ‘रेसिमिक मिश्रण’ शोधणाऱ्याला ‘रेसिमेट पाहा’ अशी सूचना मिळेल. रुळलेला शब्द काढून टाकता येत नाही, पण त्याचा अर्थ कुठे निसटतो ते सांगता येतं.

११ फेब्रुवारी

कालच्या मजकुरावर प्रयोगशाळेत शिकवणाऱ्या सरांचा निरोप आला : “हे सगळं खरं, पण समोरच्या बाटलीत संयुग आहे की काँग्लोमरेट, हे मुलांनी ओळखायचं कसं?” अगदी रास्त प्रश्न. त्याचं उत्तर थेट नोंदीत घातलं.

नमुन्यात एकाच शुद्ध एनॅन्शिओमरची चिमूटभर भर घालायची आणि द्रवणांक पुन्हा पाहायचा. काँग्लोमरेट असेल तर द्रवणांक वाढतो, कारण त्याच्या द्रवणांक-प्रमाण आलेखात पन्नास-पन्नास हाच तळ असतो आणि भर कुठलीही घातली तरी आपण वरच सरकतो. रेसिमिक संयुग असेल तर द्रवणांक उतरतो, कारण तिथे पन्नास-पन्नासवर शिखर असतं. आयबुप्रोफेन या वेदनाशामकाचं उदाहरण सोयीचं आहे. रेसिमिक आयबुप्रोफेन साधारण ७५ ते ७८ अंशांना वितळतं, निव्वळ एस रूप (दोन आरसा-प्रतिमा रूपांना आर आणि एस अशी नावं असतात) ५० ते ५३ अंशांना. शुद्ध रूपापेक्षा रेसिमेट इतकं वर वितळतं, म्हणजे ते रेसिमिक संयुगच. काँग्लोमरेट नेहमी आपल्या शुद्ध रूपाच्या खालीच वितळतं. आणखी एक खूण : काँग्लोमरेटचा क्ष-किरण भुकटी आलेख शुद्ध एनॅन्शिओमरच्या आलेखासारखाच येतो, संयुगाचा वेगळा.

१२ फेब्रुवारी

छोटी भर. ‘वळण शून्य, म्हणून नमुना रेसिमिक’ हा निष्कर्ष काढता येत नाही. पदार्थ मुळात किरॅलच नसेल, मेसो असेल (म्हणजे किरॅल केंद्रं, चार वेगळे गट जोडलेले कार्बन, असूनही रेणू स्वतःच्या आरसा-प्रतिमेशी जुळत असेल), द्रावण फार सौम्य असेल, तरी वळण मोजणारा पोलॅरिमीटर शून्यच दाखवतो. आणि एक टोकाचं उदाहरण : एकाच कार्बनला एथिल, प्रोपिल, ब्युटिल आणि हेक्सिल गट जोडलेला हायड्रोकार्बन. चारही गट वेगळे, रेणू किरॅल, नमुना एकाच रूपाचा, तरीही मोजता येण्याजोगं वळण मिळत नाही, कारण चारही गट प्रकाशाच्या लेखी जवळपास सारखेच. रेसिमिक आहे की नाही हे ठरवायचं तर किरॅल स्तंभावर (दोन रूपांना वेगवेगळ्या वेगाने पुढे जाऊ देणाऱ्या नळीत) दोन रूपं वेगळी करून त्यांचं प्रमाण मोजावं.

१७ फेब्रुवारी

‘रेसिमीकरण’ ही प्रक्रिया सांगणारी संज्ञा. एका रूपाचं आधिक्य असलेल्या नमुन्यापासून रेसिमेट बनणं, हा तिचा अर्थ. सोबत ‘एनॅन्शिओमरीकरण’ हा शब्द द्यायलाच हवा : एका रेणूने स्वतःच्या आरसा-प्रतिमेत बदलणं. पहिली घटना समूहाची, दुसरी रेणूची. हा भेद वरवर किरकोळ वाटतो, पण हिशेब मांडला की तो किती महत्त्वाचा आहे हे कळतं.

समजा, आर रूपाचे १०० रेणू आहेत. त्यातले २५ उलटले. आता आर ७५, एस २५. वळणाच्या दृष्टीने एसचे २५ रेणू आरच्या २५ रेणूंना निष्प्रभ करतात आणि मोजण्याजोगे फक्त ५० उरतात. म्हणजे पाव रेणू उलटले आणि निम्मं वळण गेलं. आणखी २५ उलटून ५०-५० झालं की संपूर्ण रेसिमीकरण. म्हणून रेसिमीकरणाचा वेग हा एकेका रेणूच्या उलटण्याच्या वेगाच्या दुप्पट असतो. प्रयोगशाळेत ‘ईई’ (एका एनॅन्शिओमरचं आधिक्य) म्हणतात तो आकडाही असाच निघतो : ७५ उणे २५, म्हणजे ५० टक्के.

या ‘दुप्पट’चा उपयोग ह्यूज आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९३५ मध्ये फार सुंदर केला. त्यांनी एकाच रूपातलं २-आयोडोऑक्टेन ॲसिटोनमध्ये किरणोत्सारी आयोडाइडबरोबर ठेवलं. बाहेरचं आयोडाइड आत येतं, आतलं बाहेर जातं, आणि किरणोत्सारामुळे किती रेणूंत अदलाबदल झाली ते मोजता येतं. त्याच वेळी वळण किती वेगाने कमी होतं तेही मोजलं. वळण अदलाबदलीच्या दुप्पट वेगाने कमी होत होतं. याचा एकच अर्थ लागतो : आयोडीन बदलताना प्रत्येक वेळी रेणू उलटतो. नवं आयोडाइड जुन्याच्या पाठीमागून येतं, हे एसएन-२ अभिक्रियेचं (नवा गट येतानाच जुना सुटतो अशा अदलाबदलीचं) चित्र या आकड्यावर उभं आहे.

आता याच्या शेजारी त्याच दशकातला दुसरा प्रयोग ठेवला. सेक-ब्युटिल फिनाइल कीटोनमध्ये किरॅल कार्बन कार्बोनिल गटाला लागून असतो आणि त्यावर एक हायड्रोजन असतो. आम्लात या कीटोनचं रेसिमीकरण होतं. त्याच परिस्थितीत हॅलोजन घातलं तर त्या कार्बनवर हॅलोजन बसतं. दोन्हींचे वेग मोजले, ते सारखे निघाले. दुप्पट नाहीत. कारण इथे रेणू आधी ईनॉल (कार्बनवरचा हायड्रोजन ऑक्सिजनवर गेलेलं रूप) बनतो, त्यातला तो कार्बन सपाट होतो, आणि परतताना हायड्रोजन वरून किंवा खालून सारख्याच शक्यतेने येतो. एकदा ईनॉल झाला की तो रेणू वळणाच्या हिशेबातून पूर्ण बाद झाला. हॅलोजनही ईनॉल तयार व्हायचीच वाट पाहत असतं, म्हणून वेग तोच.

एकीकडे गुणोत्तर दोन, दुसरीकडे एक. रेसिमीकरण किती झालं एवढंच न पाहता ते कशाच्या तुलनेत किती वेगाने झालं हे पाहिलं की अभिक्रियेचा मार्ग उघड होतो. दोन्ही उदाहरणं पूर्ण विस्ताराने ठेवायची, कोशाचं पान वाढलं तरी चालेल. संपादक मॅडमना तसं कळवलं.

१८ फेब्रुवारी

मॅडमचं उत्तर : “पान वाढू द्या. पण एसएन-१ सुटलंय बघा.” जोडलं.

एसएन-१ मध्ये जुना गट आधी सुटतो आणि नवा नंतर येतो; मध्ये बनणारा कार्बोकॅटायन (धनभारित कार्बन असलेला आयन) सपाट असतो, म्हणून ‘संपूर्ण रेसिमीकरण होतं’ असं शिकवलं जातं. प्रत्यक्षात निघून जाणारा गट काही काळ जवळपासच रेंगाळतो आणि एक बाजू अडवून धरतो. त्यामुळे उलटलेलं रूप थोडं जास्त मिळतं. लेखांत मग ‘८० टक्के रेसिमीकरण, २० टक्के व्युत्क्रमण’ असं वाचायला मिळतं. ते असं वाचायचं : ८० टक्क्यांत दोन्ही रूपं ४०-४०, उरलेले २० सगळे उलटलेले. म्हणजे एकूण उलटलेले ६०, मूळ विन्यासाचे ४०. परीक्षेत ८० टक्के रेणू उलटले असा अर्थ लावणारे बरेच असतात, म्हणून हा हिशेब उदाहरणात आकड्यांसह दिला.

बंध न तुटताही रेसिमीकरण होऊ शकतं. बायफिनाइलच्या दोन कड्यांवर मोठे गट असले की मधला बंध मोकळा फिरत नाही आणि किरॅल कार्बन नसतानाही दोन रूपं वेगळी मिळतात. क्रिस्टी आणि केनर यांनी १९२२ मध्ये डायनायट्रोडायफेनिक आम्लाबाबत हे करून दाखवलं. गट लहान असतील किंवा तापमान पुरेसं वाढवलं, तर नुसत्या फिरण्याने रेसिमीकरण होतं.

२३ फेब्रुवारी

एपिमरीकरण. रेणूत अनेक किरॅल केंद्रं असतील आणि त्यातलं एकच उलटलं, तर मिळणारा रेणू मूळ रेणूची आरसा-प्रतिमा नसतो. त्याची ऊर्जा वेगळी असते, म्हणून समतोलही पन्नास-पन्नासवर येत नाही. आयसोल्युसिनमध्ये दोन केंद्रं आहेत. त्यातलं ॲमिनो गटाचं केंद्र उलटलं की डी-ॲलोआयसोल्युसिन बनतं, आणि समतोलाला त्याचं मूळ रूपाशी प्रमाण साधारण १.३ येतं. जीवाश्मांचं वय काढताना हेच प्रमाण वापरतात, आणि त्या शास्त्रात या पद्धतीला सरसकट ‘ॲमिनो आम्ल रेसिमीकरण’ म्हणतात. ॲस्पार्टिक आम्लाला केंद्र एकच, त्याच्या बाबतीत शब्द काटेकोर बसतो. दातांमधल्या त्याच्या रेसिमीकरणावरून व्यक्तीचं वय अंदाजता येतं.

पेप्टाइड बनवणारेही ‘रेसिमीकरण’च म्हणतात. जोडणी करताना मधल्या टप्प्यावर ऑक्साझोलोनचं कडं तयार होतं, त्यातला हायड्रोजन सहज निघतो आणि ॲमिनो आम्लाचं केंद्र उलटतं. हे रोखायला १-हायड्रॉक्सीबेन्झोट्रायझोल घालतात. साखळीतली बाकीची केंद्रं शाबूत असल्यामुळे काटेकोरपणे हे एपिमरीकरण आहे. पण कामाच्या ठिकाणी ‘रेसिमीकरण झालंय का बघ’ असंच म्हणतात, आणि तिथे अर्थ कोणालाच चुकत नाही. नोंदीत लिहिलं : हा वापर रूढ आहे, वाचताना समजून घ्यावा, स्वतः लिहिताना मात्र एपिमरीकरण म्हणावं.

२५ फेब्रुवारी

चिन्हांचा तक्ता. (±), ‘डीएल’ आणि ‘रॅक’ तिन्ही रेसिमेटसाठी. ‘रेल’ मात्र वेगळं : केंद्रांचा एकमेकांशी असलेला संबंध माहीत आहे, पण दोनपैकी नेमका कुठला एनॅन्शिओमर आहे हे ठरलेलं नाही. पाचर आणि तुटक रेषांनी काढलेली आकृती तर आणखी फसवी, कारण ती एकच रूप दाखवते आणि बाटलीत दोन्ही असू शकतात. आकृतीखाली ‘रॅक’ लिहिलेलं नसेल, तर प्रयोगाचा मजकूर वाचल्याशिवाय निष्कर्ष काढू नये.

२ मार्च

औषधांचा परिच्छेद. इथे भाषा फार जपून वापरली.

आयबुप्रोफेन बहुतेक वेळा रेसिमेट म्हणूनच दिलं जातं. परिणाम मुख्यतः एस रूपाचा असतो. शरीरातलं विकर (एन्झाइम) आर रूपाचा बराचसा भाग एसमध्ये बदलतं, उलट दिशेने मात्र जवळपास काहीच होत नाही. याला रेसिमीकरण म्हणायचं नाही, कारण शेवट समप्रमाणाकडे जात नाही. एकदिश व्युत्क्रमण म्हणायचं.

गरोदर स्त्रियांना मळमळीवर दिल्या गेलेल्या थॅलिडोमाइड या औषधाबद्दल ‘एक रूप सुरक्षित होतं, तेवढंच दिलं असतं तर हजारो बाळं व्यंगासह जन्मली नसती’ हे वाक्य आजही वर्गात सांगितलं जातं. त्याच्या किरॅल केंद्रावरचा हायड्रोजन कार्बोनिल गटाशेजारी असल्यामुळे सहज निघतो, आणि शरीरात दोन्ही रूपं काही तासांतच एकमेकांत बदलतात. कोणतंही एक रूप दिलं तरी दुसरं तयार होणारच होतं. हे नोंदीत ठळक लिहिलं. इतक्या मोठ्या दुःखाबद्दल चुकीचं वाक्य पिढ्यान्‌पिढ्या शिकवलं जाऊ नये.

४ मार्च

रेसिमीकरण नेहमी नुकसानच करतं, असा ग्रह मजकुरातून होत होता. त्यासाठी एक परिच्छेद जोडला. रेसिमेटमधून एक रूप वेगळं काढलं की निम्मा माल नको असलेल्या रूपात अडकतो. नॅप्रोक्सेन हे वेदनाशामक बनवताना नको असलेलं आर रूप आम्लारीच्या साहाय्याने पुन्हा रेसिमिक करून वेगळं काढण्याच्या टप्प्यावर परत नेतात. असं फिरवत राहिल्याने वाया जाणारा निम्मा भाग कामी येतो. हे शक्य होतं कारण निसर्गाचा कल मिसळण्याकडे असतो : २५ अंशांना एका शुद्ध रूपाचं द्रावणात रेसिमेट होताना मुक्त ऊर्जा दर मोलला सुमारे १.७ किलोज्यूलने घटते. ही घट फक्त एन्ट्रॉपीमुळे (मिसळण्याने वाढणाऱ्या अव्यवस्थेमुळे) असते, कारण दोन्ही रूपांची ऊर्जा सारखीच.

५ मार्च

अंतिम मजकूर पाठवला. सुरुवातीच्या ओळी अशा :

‘रेसिमिक (विशेषण) : ज्यात किरॅल पदार्थाचे दोन्ही एनॅन्शिओमर समप्रमाणात आहेत असा (नमुना, द्रावण, स्फटिक). रेणूसाठी वापरू नये. अशा नमुन्याला रेसिमेट म्हणतात. स्थायुरूपातील प्रकारांसाठी रेसिमिक संयुग, काँग्लोमरेट पाहा. प्रक्रियेसाठी रेसिमीकरण पाहा. अनेक किरॅल केंद्रांपैकी एकच बदलत असेल तर एपिमरीकरण पाहा.’

टार्टारिक आम्लाचं मेसो रूप ‘म’ विभागात येतंय. तिथून इकडे संदर्भ जोडण्याविषयी त्या विभागाच्या लेखिकेला कळवलं, आणि वळण शून्य येण्याबद्दलची १२ फेब्रुवारीची भरही त्यांच्याकडे पाठवली, म्हणजे दोन्हीकडे तेच सांगितलं जाईल.